वाढीव दोन पौंड

आकाराम करांडे कधी टेनिस खेळले नाहीत. पहिल्या सर्व्हिसपासून शेवटच्या गुणापर्यंत एखादा सामना त्यांनी बसून पाहिला, असेही झालेले नाही. तरी इस्लामपूरबाहेर दर फेब्रुवारीत होणाऱ्या इनडोअर चॅलेंजर स्पर्धेच्या कोणत्याही माजी विजेत्याचे नाव काढले की ते लगेच एक आकडा सांगतात. पहिल्या वर्षीचा कझाकस्तानचा उंच खेळाडू : अठ्ठावन्न. २०१२चा अर्जेंटिनाचा डावखुरा : चव्वेचाळीस, ‘निस्ती झोळी’. २०१६चा चेन्नईचा : त्रेपन्न. हा आकडा मानांकनाचा नव्हे. रॅकेटच्या तारा किती पौंडांनी ताणायच्या, त्याचा आहे. आकाराम या स्पर्धेचे गटिंगवाले. खेळाडूची रॅकेट घ्यायची, जुनी जाळी कापायची, त्याने कागदावर लिहिलेल्या ताणाने नवी विणायची आणि परत द्यायची, हे त्यांचे काम. स्पर्धेच्या आठवड्यात ते दिवसाला वीस-बावीस रॅकेट विणतात.

चॅलेंजर ही व्यावसायिक टेनिसची दुसरी पायरी. टीव्हीवर दिसणाऱ्या मोठ्या स्पर्धा तिच्या वर. इथे येतात ते साधारण जगातल्या दीडशेव्या ते पाचशेव्या क्रमांकाचे खेळाडू : काही वर चढणारे, काही खाली उतरणारे आणि बरेचसे वर्षानुवर्षे तिथेच राहणारे. विजेत्यांची नावे एका पाटीवर लिहिलेली असतात. त्यांपैकी दोघे पुढे मोठ्या स्पर्धांच्या मुख्य फेरीत खेळले. बाकीच्यांपैकी बहुतेकांनी एकेक करून खेळणे सोडले. एक लहान मुलांना शिकवतो, एक वडिलांचा मालवाहतुकीचा व्यवसाय बघतो.

स्पर्धा भरते ती साखर कारखान्याच्या जुन्या गोदामात. कारखान्याने नवे गोदाम बांधले तेव्हा जुन्याचे मंगल कार्यालय करावे, असे बहुतेक संचालकांचे मत होते. अध्यक्षांचा मुलगा त्या वेळी टेनिस शिकत होता, म्हणून दोन कोर्ट झाली. विजेत्याला फेटा बांधतात, चषक देतात आणि कारखान्याचा मानद सभासद करून घेतात. सभासदाला दिवाळीला दहा किलो साखर मिळते. माजी विजेत्यांच्या नावची साखरही दर दिवाळीला वेगळी काढली जाते आणि न्यायला कोणी येत नाही म्हणून शाळेच्या वसतिगृहात जाते. या फेब्रुवारीपर्यंत पाटीवर पंधरा ओळी होत्या. पहिली २००८ची, आणि मधली साथीची दोन वर्षे सोडलेली.

आकाराम कडेगाव तालुक्यातल्या एका गावचे. घरचा ऊस आहे, फार नाही. वडील गुळव्या होते. गुऱ्हाळात गुळव्याचा शब्द शेवटचा असतो. काहिलीतला रस कधी उतरवायचा ते तो ठरवतो. आभाळ भरलेले असले, ऊस खारवट रानातला असला, जळण ओले असले, तर तो काहील जरा आधी किंवा जरा उशिरा उतरवतो. का, ते मालक विचारत नाही आणि गुळव्या सांगत नाही. ढेप चांगली निघाली की विषय संपला. आकाराम दहावीपर्यंत वडिलांच्या हाताखाली होते. एकोणिसाव्या वर्षी फौजेत गेले. अंबाल्याला असताना ऑफिसर्स क्लबच्या टेनिस कोर्टवर नेमणूक झाली आणि तिथल्या एका जुन्या हवालदाराने त्यांना गटिंग शिकवले. सतरा वर्षांनी स्वतः हवालदार होऊन बाहेर पडले, मग पाचगणीच्या एका निवासी शाळेत क्रीडासाहित्याच्या खोलीवर एकवीस वर्षे काढली. तिथून दर फेब्रुवारीत आठवड्याची रजा टाकून ते इस्लामपूरला येत. दोन वेळा पुण्याला जाऊन परीक्षा दिली आणि अधिकृत स्पर्धांमध्ये काम करण्याचे प्रमाणपत्र मिळवले. आता वय एकसष्ट. शाळेतून निवृत्त झाले आहेत. प्रमाणपत्र लॅमिनेट करून मशीनच्या मागे भिंतीला लावलेले असते.

वाढीव दोन पौंडांची सुरुवात पहिल्याच वर्षी झाली. फेब्रुवारीत कारखाना जोरात चालू असतो. पत्र्याचे छप्पर दिवसभर तापायचे, संध्याकाळी बॉयलरकडची वाफ गोदामावर यायची आणि दिव्यांवर किडे येऊ नयेत म्हणून दारे बंद केली की आत घाम थांबायचा नाही. उष्ण, दमट हवेत तारा सैल पडतात आणि चेंडू मागच्या रेषेबाहेर जातो. कझाकस्तानचा तो उंच खेळाडू पहिल्या फेरीनंतर खिडकीशी येऊन हातवारे करत तक्रार करून गेला. आकारामनी नवी विणलेली एक रॅकेट रात्रभर हॉलमध्ये टांगून ठेवली आणि दुसऱ्या दिवशी ताण मोजला. दोन पौंड गेले होते. त्यांनी त्या खेळाडूच्या रॅकेट कागदावरच्या आकड्यापेक्षा दोन पौंड चढ्या विणल्या. त्याला सांगितले नाही. तो जिंकला. त्यानंतर त्यांनी सगळ्यांच्याच रॅकेट तशा विणल्या. पौंडवाल्यांना दोन पौंड, किलोवाल्यांना एक किलो. दरवर्षी, न चुकता. हे फक्त त्यांच्या पत्नीला, चंद्राबाईंना माहीत होते. पाटीवरच्या प्रत्येक ओळीत आपलाही हात आहे, असे आकाराम मानत आले ते यामुळे.

अधिकृत गटिंगवाल्याने कागदावरचाच आकडा लावायचा, हा या धंद्याचा पहिला नियम. तो त्यांना पाठ होता. आपण तो मोडतो आहोत असे त्यांना वाटतच नव्हते. खेळाडूला जो ताण हवा आहे तोच आपण त्याला देतो, फक्त इथल्या हवेत तो मिळायला दोन जास्त लागतात, असा त्यांचा हिशेब होता.

यंदा शुक्रवारी, उपांत्यपूर्व फेरीच्या दिवशी, तो उघडा पडला.

गटिंग चालते ते जुन्या वजनकाट्याच्या खोलीत. तिला एक छोटी खिडकी आहे. पूर्वी तिथून ऊसगाडीवाल्यांना वजनाची पावती मिळायची, आता रॅकेट आत-बाहेर होतात. खोलीत कोणाला घेत नाहीत. त्या दिवशी दुपारी चंद्राबाई जेवणाचा डबा घेऊन आल्या होत्या. बाहेर जयराज थोरात उभा होता. जयराज इस्लामपूरचाच, चोवीस वर्षांचा, जागतिक क्रमवारीत चारशेच्या आसपास. संयोजकांनी दिलेल्या खास प्रवेशावर ही स्पर्धा तो पाचव्यांदा खेळत होता. आधीच्या चार वर्षांत तीनदा पहिल्या फेरीत आणि एकदा दुसऱ्या फेरीत हरला होता. यंदा पहिला प्रतिस्पर्धी पाय मुरगळून निवृत्त झाला, दुसरा थकलेला निघाला, आणि जयराज पहिल्यांदाच शेवटच्या आठांत पोचला होता. सामना पाच वाजता होता. सकाळच्या सरावात एक रॅकेट तडकली, म्हणून दुसरी तातडीने विणून हवी होती.

“आवं, पोरगं कवाधरनं उन्हात उभं हाय,” चंद्राबाई म्हणाल्या. “आत घ्या की त्याला.” आणि त्यांनीच दार उघडले.

जयराज स्टुलावर बसला. मशीनचा छोटा पडदा त्याच्या बरोबर समोर होता. त्यावर लाल अक्षरांत बावन्न होते. त्याने टेबलावरचा आपला कागद पाहिला, पुन्हा पडदा पाहिला.

“काका, मी किती लिवलंय?”

“पन्नास.”

“आन् हितं बावन्न हाय.”

आकारामनी मान वर केली नाही. तार ओढून चिमटा लावला आणि एसटीची वेळ सांगावी तसे सांगितले, “हितं पन्नास म्हंजी बावन्नच रं. हॉल गरम हाय. दोन पौंड खातोय.”

जयराजने कागद उचलून हातात घेतला. मग म्हणाला, “मला सगळीकडं अठ्ठेचाळीस लागतंय काका. हॉल गरम हाय म्हणून हितं मीच दोन वाढवून सांगतोय. पयल्या वर्षापास्नं.”

आकारामचा हात तारेवरच थांबला.

“म्हंजी दोघांनी बी मीठ टाकलं व्हय आमटीत,” चंद्राबाई म्हणाल्या.

चार पौंड म्हणजे किती, हे त्या खोलीत दोघांना नेमके कळत होते. इतक्या कडक जाळीवर चेंडू आखूड पडतो, खेळाडू जास्त जोर लावतो आणि तो जोर कोपरावर येतो. गेल्या वर्षी इथे हरल्यावर जयराजचे कोपर धरले होते आणि त्याचा उन्हाळा पुण्यात उपचारात गेला. ते इथल्या रॅकेटमुळेच झाले असे कोणताही डॉक्टर सांगू शकणार नाही. जयराजनेही तसे म्हटले नाही. त्याने एवढेच विचारले की हे फक्त त्याच्याच रॅकेटचे, की सगळ्यांच्या. आकाराम म्हणाले, सगळ्यांच्या. जयराज उठला आणि सुपरवायझरांकडे गेला. जाताना त्याने रॅकेट नेली नाही. पन्नासने विणून ठेवा, खरोखरच्या, असे सांगून गेला.

सुपरवायझर म्हणजे आंतरराष्ट्रीय संघटनेने स्पर्धेवर नेमलेला अधिकारी. यंदा त्या उमा दांडेकर होत्या, मूळच्या वाईच्या, वर्षातले तीस आठवडे अशाच स्पर्धांवर असणाऱ्या. त्यांनी आवाज चढवला नाही. तीन वाजता कार्यालयात यावे, असा निरोप धाडला.

त्याआधी अडीच वाजता स्पर्धासंचालक देवदत्त आपटे काट्याच्या खोलीत आले. आपटे सांगलीचे वास्तुविशारद. गोदामाचा हॉल त्यांनीच केला आणि स्पर्धा पहिल्या दिवसापासून त्यांनीच चालवली. त्यांना घाई होती. त्यांचे म्हणणे साधे होते. मशीन जुने आहे, आकडा दाखवते एक आणि ओढते एक, असे सांगावे. मशीनची दुरुस्ती होईल, ताकीद मिळेल, प्रमाणपत्र राहील. मुद्दाम केले असे म्हटले तर प्रमाणपत्र जाईल, आणि वर्तमानपत्रवाले विचारतील की मग पंधरा वर्षांच्या विजेत्यांचे काय. सोळाव्या वर्षी त्यांना हे नको होते.

आकारामनी ऐकून घेतले. प्रमाणपत्र गेले तर काय जाते, ते त्यांना माहीत होते. शाळांच्या आणि क्लबांच्या रॅकेट कुणीही विणू शकतो. प्रमाणपत्राशिवाय या खोलीत मात्र बसता येत नाही. वर्षातल्या याच एका आठवड्यासाठी ते बाकीचे एक्कावन्न आठवडे थांबतात, असे चंद्राबाई सांगतात.

तीन वाजता उमा दांडेकरांनी विचारले की मशीन शेवटचे कधी तपासले. आपटे आकारामकडे बघत राहिले.

“रविवारी तपासलंय, मॅडम. मशीन बरोबर हाय,” आकाराम म्हणाले. “दोन पौंड मी वाढवलंय. सोळा वर्षं.”

यात खरेपणाचा भाग होता, आणि दुसराही एक होता, तो त्यांनी नंतर घरी बोलून दाखवला. मशीन बिघडलेले आहे असे म्हटले असते, तर ते सगळे विजेते मशीनने केले असा अर्थ झाला असता. तो त्यांना सोसवला नाही.

पुण्याचा दुसरा अधिकृत गटिंगवाला मोकळा होऊन यायला दीड दिवस लागणार होता आणि उरलेल्या आठ खेळाडूंना तारा आजच हव्या होत्या. दांडेकरांनी निर्णय दिला तो असा : स्पर्धा संपेपर्यंत करांडेच काम करतील, प्रत्येक रॅकेटच्या वेळी एक पंच खोलीत बसून पडद्यावरचा आकडा पाहील, आणि आठही खेळाडूंना करांडे स्वतः जाऊन काय झाले ते सांगतील. पुढचे अहवालानंतर.

आकारामना इंग्रजी फौजेपुरते येते. जयराज वगळून बाकीच्या सातांना त्यांनी एकच वाक्य सांगितले, की तुम्ही लिहिलेत त्यापेक्षा मी इतके जास्त लावत होतो, आता तुम्ही सांगाल तेवढेच लावीन. एका स्पॅनिश खेळाडूने खांदे उडवले आणि आहे तसेच चालू ठेवा म्हणाला. दोघांनी आपल्या प्रशिक्षकांना फोन केले. इतरांना सामन्याची काळजी जास्त होती.

मारेक मात्र थांबला. चेक प्रजासत्ताकाचा मारेक बत्तीस वर्षांचा, या स्पर्धेचा दोन वेळचा विजेता, २०१९ आणि २०२३. पाटीवर दोनदा नाव असलेला एवढाच खेळाडू. त्याचा आकडा तेवीस किलो. त्याने विचारले, २०१९ मध्येही? आकारामनी हो म्हटले. २०२३ मध्येही? हो. मारेक म्हणाला की इथे आले की हातात रॅकेट नेहमी चांगली बसते आणि आपण ते इथल्या चेंडूंमुळे समजत होतो. मग थोडा विचार करून त्याने सांगितले, “मला तेवीस पाहिजे. बरोबर तेवीस. मला बघायचंय.”

जयराज पाच वाजता खऱ्याखुऱ्या पन्नासच्या जाळीने खेळला आणि दोन सेटमध्ये जिंकला. चेंडू मागच्या रेषेजवळ पडत होता, जो इथे त्याचा कधीच पडला नव्हता. शनिवारी उपांत्य फेरीत तो एक सेट मागे पडून जिंकला. इस्लामपुरातून माणसे ट्रॅक्टरने आली. दुसऱ्या बाजूने मारेक अंतिम फेरीत आला. त्याचे दोन्ही सामने तीन-तीन सेटचे झाले आणि दोन्हीत तो कुरकुरत खेळला, असे बॉल-पर्सन म्हणून काम करणाऱ्या मुली सांगत होत्या.

रविवारी अंतिम सामन्याला आकाराम हॉलच्या मागच्या दाराशी उभे राहिले. तिथून कोर्टाचा अर्धाच भाग दिसतो, तेवढा त्यांना पुरेसा होता. ते चेंडू कुठे पडतो ते पाहत नव्हते, तारांचा आवाज ऐकत होते. मारेकचा फोरहँड दोनदा लांब गेला, मग तिसऱ्यांदा. जयराजने पहिला सेट सहा-तीन घेतला तेव्हा हॉलमध्ये कुणी हलगी वाजवायला लागले आणि पंचांनी ती बंद करायला लावली. सेटमधल्या विश्रांतीत मारेकने रॅकेटची जाळी तळव्यावर दोनदा आपटून पाहिली.

आकाराम तिथून सरळ काट्याच्या खोलीत आले. सामना चालू असताना खेळाडू रॅकेट नव्याने विणायला पाठवू शकतो. बॉल-पर्सन मुलगी ती घेऊन पळत येते, पंधरा-वीस मिनिटांत काम करून द्यायचे असते. त्यांनी मशीन सुरू केले आणि चोवीस किलोचा आकडा लावून ठेवला. मारेक वापरतो त्या तारेचे रीळ काढून पकड जवळ ठेवली. खोलीत पंच बसले होते, त्यांनी विचारले, कोणाची रॅकेट? आकाराम म्हणाले, येईल आता.

चंद्राबाई त्या दिवशीही आल्या होत्या. त्या सांगतात की ते खिडकीकडे तोंड करून उभे होते आणि हॉलमधून टाळ्या आल्या की खिडकीतून वाकून बघत होते. वीस मिनिटे गेली. टाळ्यांवरून दुसरा सेट कोणाचा ते कळेना. तास गेला, सव्वा तास गेला. मग एकदम मोठा आवाज झाला आणि लोक बाहेर यायला लागले. रॅकेट आली नाही.

मारेक तीन-सहा, सहा-चार, सहा-चार असा जिंकला. पहिल्या सेटनंतर त्याने चेंडू थोडा आधी घ्यायला आणि वरून जास्त फिरवायला सुरुवात केली, आणि चेंडू आत पडू लागले. जयराज चांगला खेळला. तिसऱ्या सेटमध्ये चार-चार असताना त्याने स्वतःची सर्व्हिस गमावली. त्यात तारांचा संबंध नव्हता, एक दुहेरी चूक आणि एक सोपी व्हॉली जाळीत, असे त्यानेच नंतर सांगितले. मारेकला तिसऱ्यांदा फेटा बांधला गेला. सभासद तो आधीच होता.

संध्याकाळी मारेक आपल्या उरलेल्या रॅकेट घ्यायला खिडकीशी आला. आकारामनी त्या मोजून दिल्या.

“पहिला सेट वाईट गेला,” मारेक म्हणाला. “मग सवय झाली.”

घरी जाताना मोटारसायकलवर चंद्राबाई मागे बसल्या होत्या. ताकारीच्या पुढे त्यांनी विचारले, “मंग ते दोन पौंड कशाला व्हतं वो?”

आकारामनी गाडी जरा हळू केली. मग म्हणाले की पहिल्या सालाला गरज होती. ते त्यांनी मोजले होते. पण बोलता बोलता त्यांच्याच लक्षात आले, की मोजले ते पहिल्याच सालाला. त्यानंतर नाही.

सोमवारी ते पुन्हा इस्लामपूरला गेले. हॉलमध्ये खुर्च्या उचलणे चालू होते. त्यांनी घरून दोन रॅकेट आणल्या आणि तिथल्या मशीनवर विणल्या, दोन्ही पन्नासने. एक हॉलमध्ये टांगली, एक काट्याच्या खोलीत पंख्याखाली ठेवली. कारखाना चालूच होता, वाफ येतच होती. मंगळवारी दुपारी दोन्ही मोजल्या. दोन्हींचा ताण सारखाच उतरला होता, पौंडापेक्षा कमी, नवी जाळी कुठेही उतरते तेवढा. त्यांनी तिथूनच आपटेंना फोन लावला आणि हॉलमध्ये काय बदलले आहे ते विचारले. आपटे म्हणाले, छपराखाली उष्णतारोधक थर टाकून दहा-अकरा वर्षे झाली, २०१४ साली, आणि त्याच वेळी हवा ओढणारे मोठे पंखे बसवले. आकारामनी ते पंखे दरवर्षी पाहिले होते.

म्हणजे पंधरा वर्षांच्या विजेत्यांपैकी पहिल्या सहा-सात जणांना ते दोन पौंड कदाचित उपयोगी पडले असतील. त्यानंतरच्यांना पडले नाहीत, ते तसे असूनही जिंकले. आकारामनी ही मोजणी स्वच्छ अक्षरात एका पानावर लिहिली आणि दांडेकरांना पाठवली. कोणी मागितली नव्हती. सोबत विनंती वगैरे काही लिहिले नाही. जयराजलाही त्यांनी फोन केला आणि सांगितले, “तू वाढवत व्हतास ते दोन बी वायाच व्हतं गड्या. हितं अठ्ठेचाळीस म्हंजी अठ्ठेचाळीस.” जयराज म्हणाला, हे पाच वर्षांपूर्वी कळले असते तर बरे झाले असते. आकाराम म्हणाले, व्हय.

पत्र एप्रिलमध्ये आले. खेळाडूंच्या सूचनेत परस्पर बदल केल्याबद्दल अधिकृत स्पर्धांचे प्रमाणपत्र दोन वर्षांसाठी स्थगित. त्यानंतर पुन्हा परीक्षा देता येईल. स्वतःहून दिलेल्या माहितीची नोंद घेतल्याचे एक वाक्य होते, त्याने मुदतीत फरक पडला नव्हता. दोन वर्षांनी आकाराम त्रेसष्ट वर्षांचे होतील. परीक्षा देणार का, असे विचारले तर ते म्हणतात की बसायला वयाची अट नाही, आपण चौकशी केली आहे. पुढच्या फेब्रुवारीसाठी आपटेंनी पुण्याचा गटिंगवाला ठरवला आहे. आकारामनी त्याला फोन करून खोलीतला कोणता प्लग सैल आहे ते सांगितले.

सध्या मशीन घराच्या पुढच्या खोलीत आहे. पाचगणीच्या शाळांच्या आणि साताऱ्याच्या क्लबांच्या रॅकेट येतात. पोत्यात भरून एसटीने येतात, तशाच परत जातात. प्रत्येकीला चिठ्ठी बांधलेली असते आणि तीवर जो आकडा असतो तोच लावला जातो. काही चिठ्ठ्यांवर आकडा नसतो, नुसते ‘नेहमीप्रमाणे’ असते. अशा वेळी पूर्वी ते स्वतः ठरवायचे. आता फोन करून विचारतात. एका क्रीडाशिक्षकाला याचा कंटाळा आला आणि ते म्हणाले, तुम्हालाच कळतं की त्यातलं. आकारामनी तरीही आकडा घेतल्याशिवाय फोन ठेवला नाही.

मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात जयराज आला. त्याची क्रमवारी अंतिम फेरीमुळे वर गेली होती आणि त्याला चेन्नईत उघड्या कोर्टवरच्या स्पर्धेत प्रवेश मिळाला होता. तीन रॅकेट घेऊन आला. वाटेत कऱ्हाडला गटिंग करणारा आहे, पुण्यात तर चार आहेत. इथेच का आलास, असे आकारामनी विचारले नाही आणि त्यानेही सांगितले नाही. चंद्राबाईंनी पाणी दिले आणि कोपर कसे आहे ते विचारले. बरे आहे, तो म्हणाला.

आकारामनी पहिली रॅकेट मशीनवर बसवली.

“किती?”

“अठ्ठेचाळीस.”

त्यांनी तार ओवली आणि थांबले. चेन्नईत या दिवसांत हवा कशी असते, सामने दुपारचे असतात की संध्याकाळचे, ते विचारले. जयराजने सांगितले : दमट, आणि दुपारचे.

“मंग दोन वाढवू का?” आकाराम म्हणाले.

जयराजने विचार केला. “एक वाढवा.”

“एक का?”

“दोन वाढवल्यावं माझा खांदा भरतोय तिसऱ्या सेटला.”

हे आकारामना माहीत नव्हते. त्यांनी मशीनवर एकोणपन्नास लावले. जयराजने वाकून पडद्यावरचा आकडा वाचला आणि मगच खुर्चीवर बसला.